एका मिनिटातला महिना : 'अंकुराची वाढ' आणि काळाचे लघुपट

भारतीय चित्रपटाचा इतिहास सांगताना आपण साधारणपणे ३ मे १९१३ या दिवसापासून आरंभ करतो. त्या दिवशी मुंबईत गिरगावच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' प्रेक्षकांसाठी प्रदर्शित झाला. हा आरंभ योग्यच आहे. परंतु त्यापूर्वी फाळके यांनी एक अगदी छोटा चित्रपट तयार केला होता, त्याकडे आपले लक्ष क्वचितच जाते. त्यात राजा नाही, राणी नाही, कथानक नाही. त्याचा नायक म्हणजे कुंडीत पेरलेला वाटाणा. बी रुजते, अंकुर वर येतो, पाने फुटतात आणि वेल चढू लागतो, एवढाच त्यातील प्रसंग. लांबी सुमारे एक मिनिट. नाव 'अंकुराची वाढ'.

चित्रपट या माध्यमाने काळाशी काय केले आणि मनुष्याच्या प्रगतीकडे पाहण्याची कोणती सवय आपल्याला लावली, याचा विचार या लेखात करावयाचा आहे. त्यासाठी 'अंकुराची वाढ' हा मुख्य आधार घेतला असून पुढे फिल्म्स डिव्हिजनच्या दोन लघुपटांशी त्याची तुलना केली आहे. फाळके यांच्या या चित्रपटाची आज केवळ वर्णनेच आपल्या हाती आहेत. म्हणून त्याच्या सौंदर्यापेक्षा त्याच्या रीतीविषयी बोलणे अधिक उचित होईल.

पूर्वपीठिका

७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंच्या चित्रपटांचा पहिला खेळ झाला. त्यानंतर हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १८९९ मध्ये मुंबईतील एका कुस्तीचे चित्रण केले. १९०१ च्या डिसेंबरात रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले, त्यांच्या स्वागताचेही चित्रण त्यांनी केले. मराठी माणसाने केलेले हे आरंभीचे लघुपट होत. त्यांचे एक समान लक्षण आहे. कुस्ती जेवढा वेळ टिपली, पडद्यावरही ती तेवढाच वेळ चालते. कॅमेरा हा इथे साक्षीदार आहे. जे घडले ते त्याने पाहिले आणि जसेच्या तसे सांगितले.

फाळके यांनी वाटाण्याच्या कुंडीसमोर कॅमेरा ठेवला, तेव्हा मात्र निराळी गोष्ट घडली. कॅमेऱ्याने जे दाखवले ते कोणाही मनुष्याने डोळ्यांनी पाहिलेले नव्हते. रोप वाढते हे शेतकऱ्याला ठाऊक असते, पण ते वाढताना कुणाला दिसत नाही. सकाळी पाहावे तर काल होते त्याहून ते थोडे मोठे असते, इतकेच. 'वाढलेले' आपण पाहतो, 'वाढणे' पाहत नाही. ते 'वाढणे' पडद्यावर आणले हे या लघुपटाचे महत्त्व.

फाळके हे केवळ हौशी गृहस्थ नव्हते. १८७० साली त्र्यंबकेश्वरी त्यांचा जन्म झाला. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत आणि बडोद्याच्या कलाभवनात त्यांचे शिक्षण झाले. छायाचित्रण, ठसे तयार करणे, रंगीत छपाई आणि जादूचे प्रयोग या सर्वांत त्यांचा हात बसलेला होता. १९११ साली गिरगावात ख्रिस्ताच्या जीवनावरील चित्रपट पाहून ते या नव्या कलेकडे ओढले गेले. रात्रंदिवस चित्रपट पाहणे आणि प्रयोग करणे यामुळे काही काळ त्यांची दृष्टीही गेली होती. उपचारांनी ती परत आली. १९१२ च्या आरंभी ते लंडनला गेले. तेथे सेसिल हेपवर्थ यांचा स्टुडिओ त्यांनी पाहिला आणि विल्यमसन कंपनीचा कॅमेरा खरेदी करून ते परतले.

अडचण होती ती भांडवलाची. जो धंदा या देशात कुणी पाहिलेला नाही, त्यासाठी कर्ज देणार कोण? सावकाराला कलेचे तत्त्वज्ञान सांगून भागत नाही, त्याला काहीतरी दाखवावे लागते. 'अंकुराची वाढ' हा असा दाखवण्याचा नमुना होता. निवडक लोकांना तो दाखवण्यात आला. यशवंतराव नाडकर्णी यांच्यासारख्या स्नेह्यांनी पैसा उभा करण्यास साहाय्य केले आणि पुढे 'राजा हरिश्चंद्र'चा मार्ग मोकळा झाला. ज्याने बियाण्यासाठी कर्ज काढले आहे, अशा माणसाने सावकाराला बी रुजताना दाखवावे, यातील औचित्य मराठी वाचकाला वेगळे समजावून सांगण्याची गरज नाही.

थोडे गणित

या लघुपटाविषयी एक विधान वारंवार केले जाते. फाळके यांनी सुमारे महिनाभर दररोज एक चित्र घेतले आणि त्यातून मिनिटभराचा चित्रपट तयार झाला, असे ते विधान. ते तपासून पाहण्याजोगे आहे.

मूकपटाच्या काळात पडद्यावरून सेकंदाला सुमारे १६ चित्रे जात. म्हणजे एका मिनिटासाठी १६ गुणिले ६०, अर्थात ९६० चित्रे हवीत. ३५ मिलिमीटर रुंदीच्या फितीच्या एका फुटात १६ चित्रे बसतात, म्हणून ही फीत ६० फूट भरेल. आता दररोज एक याप्रमाणे महिन्याची चित्रे होतात ३०. पडद्यावर ती दोन सेकंददेखील टिकणार नाहीत. रोप आले आणि गेले, एवढेच काय ते प्रेक्षकाला कळेल.

तेव्हा दोनच शक्यता उरतात. पहिली अशी की दररोज एकदा कॅमेऱ्याचा दांडा फिरवून दोन सेकंदांचे चित्रण केले. त्या काळच्या कॅमेऱ्यांत दांड्याच्या एका फेऱ्यास साधारणपणे आठ चित्रे निघत, म्हणजे चार फेऱ्यांत ३२ चित्रे होतील. परंतु अशा चित्रपटात रोप दोन सेकंद स्तब्ध राहील, मग एकदम उडी घेईल, पुन्हा स्तब्ध राहील. ती वाढ दिसणार नाही, तिशी दिवसांचे तीस फोटो दिसतील. दुसरी शक्यता अशी की त्या ३२ चित्रांची दिवसभरात विभागणी केली. तसे केले तरच अंकुर सलग वर येताना दिसेल.

वर्णनात अंकुर फुटून त्याचा वेल होताना दिसतो असे म्हटले आहे. ते खरे मानले, तर दुसऱ्या शक्यतेकडेच झुकावे लागते. याचा अर्थ 'दररोज एक' ही सुटसुटीत कथा मागे पडते, आणि दिवसातून अनेक वेळा कुंडीपाशी येऊन बसणारा, प्रकाश पाहणारा, एकेक चित्र मोजणारा मनुष्य पुढे येतो. मिनिटभराच्या चित्रपटामागे महिन्याभराची राखण आहे.

तीस दिवस म्हणजे ४३,२०० मिनिटे. ती एका मिनिटात आणली, म्हणजे काळ ४३,२०० पटींनी आवळला गेला. जगात इतरत्रही हे प्रयत्न चालू होते. जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ विल्हेल्म फेफर यांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस रोपांच्या हालचाली अशाच रीतीने टिपल्या होत्या. लंडनमध्ये शिक्षण खात्यात कारकुनी करणाऱ्या पर्सी स्मिथ यांनी १९१० साली फुले उमलण्याचा लघुपट केला. आपल्याकडे जगदीशचंद्र बोस यांनी 'क्रेस्कोग्राफ' हे यंत्र रचून वनस्पतीची वाढ दहा हजार पटींपर्यंत मोठी करून दाखवली. बोस यांनी अंतर मोठे केले, फाळके यांनी काळ लहान केला. दोघांचा हेतू एकच, की जे चालू आहे पण दिसत नाही ते दिसावे.

एक लहानसा प्रयोग

वरील गणित कागदावर ठीक होते. ते प्रत्यक्षात कसे उतरते हे पाहावे म्हणून आम्ही तिघा वर्गमित्रांनी गेल्या हिवाळ्यात मनीषनगर येथे आमच्या घराच्या गॅलरीत तोच प्रयोग केला. रात्रभर भिजवलेले वाटाणे कुंडीत पेरले. समोर एक जुना मोबाईल विटेला बांधून ठेवला. सकाळी ७ पासून सायंकाळी ५ वाजून २० मिनिटांपर्यंत दर वीस मिनिटांनी एक चित्र, म्हणजे दिवसाला ३२. तीस दिवसांची ९६०. ती सेकंदाला १६ या वेगाने लावली की बरोबर एक मिनिट.

सहाव्या दिवशी माती किंचित उचलली गेली. पडद्यावर हा प्रसंग दहाव्या-अकराव्या सेकंदाला येतो आणि प्रत्येक वेळी पाहणारा पुढे सरकून बसतो. पुढे तणावे फुटले. ते नुसते वाढत नाहीत, आधार शोधत चोहोकडे फिरतात, हे आम्हांस पुस्तकात वाचून ठाऊक होते, पण आंधळ्याने हात पुढे करून भिंत चाचपावी तसे ते फिरताना पाहिले तेव्हाच खऱ्या अर्थाने कळले. काही दोषही राहिले. पाणी घालताना एकदा कुंडी बोटभर सरकली, तेथे रोप दचकल्यासारखे दिसते. ढगाळ दिवसांत चित्र काळवंडते. आणि रात्री तर मुळीच नाहीत. आमच्या चित्रपटात सूर्य मावळत नाही, पाच वीसच्या पुढे लगेच सकाळचे सात वाजतात.

हा लघुपट आम्ही वर्गात दाखवला. शेवटी आम्हा तिघांची नावे येत होती. टाळ्या थांबल्यावर सरांनी एकच प्रश्न विचारला : "अकरा ते चार तुम्ही तिघेही महाविद्यालयात होता. मग दुपारची चित्रे कुणी काढली?"

चित्रे माझ्या आईने काढली होती. सकाळी डबा देताना मी तिला मोबाईलचे बटण दाखवून निघून येत असे. दर वीस मिनिटांनी हातातले काम ठेवून ती गॅलरीत जाई. पाणीही तीच घाली. नऊशे साठ चित्रांपैकी निम्म्याच्या आसपास तिने काढलेली, आणि तिचे नाव घालण्याचे आम्हां तिघांपैकी एकालाही सुचले नव्हते. सरांना उत्तर देताना मला जी लाज वाटली, तिच्यामुळेच हा लेख लिहावयास घेतला, असे म्हटले तरी चालेल.

न दिसणारे हात

हा केवळ आमचा विसर असता तर त्याचा येथे उल्लेख करण्याचे कारण नव्हते. परंतु काळ आवळण्याच्या रीतीतच हा दोष दडलेला आहे. दोन चित्रांच्या मध्ये जे घडते ते चित्रपटात येत नाही. पाणी घालणारा हात वीस मिनिटांच्या फटीत येतो आणि निघून जातो. म्हणून पडद्यावरचे रोप आपोआप वाढल्यासारखे दिसते, जणू वाढणे हा त्याचा स्वभावच असून त्यासाठी कुणी काही केलेले नाही.

फाळके यांच्या चरित्राकडे या दृष्टीने पाहिले की सरस्वतीबाई फाळके यांचे स्थान ध्यानात येते. त्या काळी कोऱ्या फितीला कडेची छिद्रे घरीच पाडावी लागत. हे काम अंधारात, हाताने, मोजून करावयाचे असे. सरस्वतीबाई ते शिकल्या. फीत धुण्याच्या कामातही त्यांनी हात घातला आणि 'राजा हरिश्चंद्र'च्या वेळी चित्रपटाच्या मंडळींचा स्वयंपाकही त्यांनीच सांभाळला. त्यांचे दागिने या धंद्यासाठी गेले. छिद्र नसेल तर फीत कॅमेऱ्यात सरकत नाही, म्हणजे काळच पुढे सरकत नाही. तरीही प्रेक्षकाला पडद्यावर छिद्र कधीच दिसत नाही, कारण ते चित्राच्या चौकटीबाहेर असते.

मनुष्याच्या प्रगतीची कथा आपण अशाच रीतीने सांगतो. आगगाडी आली, वीज आली, धरण झाले, असे आपण म्हणतो. वाक्यात कर्ता असतो तो आगगाडी, वीज, धरण. ज्यांनी रूळ टाकले, ज्यांची शेते धरणाखाली गेली, ते दोन चित्रांच्या मधल्या फटीत राहतात. प्रगती खोटी आहे असे मुळीच म्हणावयाचे नाही. रोप खरोखरच वाढले होते. परंतु ते आपोआप वाढले नाही, एवढे विसरता कामा नये.

दोन उत्तरे

ही उणीव लघुपटाला भरून काढता येते काय? फिल्म्स डिव्हिजनच्या दोन चित्रपटांत मला त्याची उत्तरे दिसतात. १९४८ साली मुंबईत स्थापन झालेली ही सरकारी संस्था २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. तिचे माहितीपट अनेक दशके चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाआधी दाखवले जात. बरेचसे माहितीपट प्रगतीचेच असत, पण त्यातही काही दिग्दर्शकांनी वेगळी वाट काढली.

एस. एन. एस. शास्त्री यांचा 'आय अॅम ट्वेंटी' हा १९६७ सालचा लघुपट. स्वातंत्र्याला वीस वर्षे झाली होती. राष्ट्राने काय मिळवले याचे आकडे देण्याऐवजी शास्त्री यांनी १९४७ साली जन्मलेल्या तरुण-तरुणींसमोर कॅमेरा ठेवला आणि त्यांनाच बोलू दिले. कुणी आशेने बोलतो, कुणी चिडून, कुणी देशाविषयी प्रेम वाटत नाही असेही सांगतो. सरकारी संस्थेच्या चित्रपटात ही वाक्ये ठेवली गेली, ही लहान गोष्ट नव्हे. फाळके यांच्या रोपाला बोलता येत नव्हते, ते फक्त वाढत होते. येथे रोपच विचारते आहे, की मला पाणी पुरेसे मिळाले काय? ती वीस वर्षांची मुले आज ऐंशीच्या घरात पोहोचत आहेत. त्यामुळे हा लघुपट आता दुहेरी काळ दाखवतो. त्या मुलांनी पाहिलेला भविष्यकाळ हा आपला भूतकाळ झाला आहे.

दुसरा लघुपट प्रमोद पती यांचा 'ट्रिप', १९७० सालचा, अवघ्या काही मिनिटांचा. पती मूळचे ओडिशाचे. चेकोस्लोव्हाकियात त्यांनी बाहुल्यांच्या चलच्चित्राचे शिक्षण घेतले होते. 'ट्रिप'मध्ये त्यांनी फाळके यांचीच युक्ती वापरली, पण रोपावर नव्हे, मुंबईच्या माणसांवर. जिवंत माणसांचे एकेक चित्र सुटे घेऊन ती जोडली की माणसे धक्क्याधक्क्याने येतात, घसरत जातात, नाहीशी होतात. शहराचा दिवस डोळ्यांदेखत निसटतो. येथे गती भरपूर आहे, पण वाढ नाही. कुणी कुठे पोहोचत नाही. वेग म्हणजेच प्रगती, या समजुतीला त्या चार क्षणांत जो धक्का बसतो तो एखाद्या व्याख्यानाने बसणार नाही.

अशा रीतीने एकच यंत्र तीन गोष्टी सांगते. काळ म्हणजे वाढ, हे फाळके यांनी दाखवले. काळ म्हणजे जाब, हे शास्त्री यांनी. काळ म्हणजे निसटणे, हे पती यांनी. यांतील एकच एक खरे मानले की आपली फसगत होते. नुसती वाढ पाहणारा भाबडा होतो, नुसते निसटणे पाहणारा हताश होतो. आणि जाब विचारणाऱ्यालाही आधी काय वाढले ते पाहावे लागते.

मनीषनगरची कुंडी

समजा, मनीषनगरच्या रेल्वे फाटकाशी कुणी तीस वर्षांपूर्वी कॅमेरा ठेवला असता आणि आठवड्याला एक चित्र घेतले असते. वर्षाची ५२, तीस वर्षांची १,५६०. पडद्यावर दीड मिनिटाहून थोडा अधिक काळ. मोकळ्या जागेत लेआउट पडताना दिसले असते, एकमजली घरांच्या जागी सदनिका उभ्या राहिल्या असत्या, फाटकापाशी सायकलींच्या जागी मोटारींची रांग लागली असती. २०१९ च्या मार्चपासून पलीकडे वर्धा मार्गावर मेट्रो धावू लागली असती आणि २०२० च्या नोव्हेंबरात त्याच मार्गावरचा ३.१४ किलोमीटरचा दुमजली पूल व मनीषनगरचा उड्डाणपूल खुले झाले असते. पाहणारा म्हणाला असता, 'काय झपाट्याने वाढले हो मनीषनगर!'

आणि ते खरेच ठरले असते. परंतु आठवड्याला एक अशा त्या चित्रांत बंद फाटकापाशी उभ्या राहिलेल्या माणसांचा खोळंबा दिसला नसता. आजाऱ्याला घेऊन थांबलेला रिक्षावाला, पेपरची वेळ टळेल म्हणून घड्याळ पाहणारी विद्यार्थिनी, मालगाडीचे डबे मोजणारी मुले, आणि पुलाच्या सळ्या बांधून आपल्या गावी परत गेलेले मजूर, हे सारे दोन चित्रांच्या मधेच राहिले असते. मनीषनगरचा खरा काळ त्यांनीच काढला.

'अंकुराची वाढ' या चित्रपटाचे मोठेपण यामुळे उणे होत नाही. अदृश्य असलेला काळ दृश्य करता येतो, हे त्याने आपल्या देशाला प्रथम दाखवले आणि त्या एका मिनिटाच्या भांडवलावर एक सबंध उद्योग उभा राहिला. त्याचे अनुकरण करणाऱ्या आपण एवढेच करावयाचे, की चित्र आणि चित्र यांच्या मधल्या फटीतही डोकावून पाहावयाचे. यंत्र तेथे पाहू शकत नाही, माणूस पाहू शकतो. चित्रपटाचा अभ्यास करणाऱ्याचे आणि इतिहासाचा अभ्यास करणाऱ्याचेही ते पहिले कर्तव्य आहे असे मला वाटते.

आमच्या लघुपटाच्या शेवटी आता चार नावे आहेत. पहिले आईचे आहे. तिला तो दाखवला तेव्हा ती पडद्याकडे पाहून म्हणाली, "अरे, त्या दिवशी पाणी घालताना कुंडी सरकली होती, ते दिसतंय की!" तो दोष काढून टाकता आला असता. आम्ही तो तसाच ठेवला आहे, कारण पाणी घालणाऱ्या हाताची चित्रपटात उरलेली तेवढी एकच खूण आहे.